चार नंबरानं वर बघायचं नाही

बायको खरंच मेली हे मला भाकरी भाजून झाल्यावर कळलं.

सकाळची वेळ. ज्वारीची काढणी चालू होती, गल्लीत माणूस दिसत नव्हतं. मी चुलीपुढं बसलेलो, ती माझ्या पाठीमागं भिंतीला टेकून. तिनं आपल्याच खांद्यावर टिचकी मारली आणि म्हणाली, "मर गया." मी म्हणालो, "मरा, मरा. रोजचंच झालंय तुमचं." आणि पीठ मळायला घेतलं. भाकरी थापल्या, भाजल्या, चहा गाळला. मग म्हणालो, "उठा आता. ड्रिल खलास." ती काही बोलली नाही. मी म्हणालो, "अवो, चहा निवायलाय." मग वळलो.

डोळे उघडे होते. पदर नीट. हात मांडीवर. मी चहाची कपबशी तिच्यापुढं ठेवली. कशाला ठेवली ते मला अजून कळलं नाही. मेलेल्या माणसापुढं कपबशी ठेवून मी तिथंच बसून राहिलो आणि चहावर साय धरली.

अजून कुणी विचारलं, कशी गेली, तर मला सांगता येत नाही. "मर गया म्हणाली आणि मेली" असं सांगितलं की माणूस माझ्याकडं नीट निरखून बघतो, म्हाताऱ्याचं डोकं ठिकाणावर आहे का म्हणून. म्हणून लिहायला बसलो. शाळा चौथीपर्यंत. चुकलं तर चुकलं. पण हे समजायचं असेल तर आधी माझं युनिट समजावं लागतं, आणि ते युनिट कुणालाच माहीत नाही.

विमानं पाडायच्या तोफांचं युनिट होतं ते. एकाहत्तरच्या लढाईच्या तोंडावर घाईघाईत उभं केलेलं. मला तेव्हा नुकती मिसरूड फुटली होती. बीडला भरतीला गेलतो, छाती मोजली, गाडीत बसवलं. त्याच गाडीत कडा गावाकडचा एक धनगराचा पोरगा होता. त्याच्या अंगाला मेंढरांचा वास यायचा आणि त्याला त्याची लाज नव्हती, म्हणून मला तो आवडला. आम्ही दोघं एकाच तोफेवर पडलो.

तोफा जुन्या, कुठल्या तरी डेपोत ग्रीस थापून झाकून ठेवलेल्या. ते ग्रीस खरवडण्यातच आमचं शिक्षण सुरू झालं. साहेब एका युनिटातून आणलेला, उस्ताद दुसऱ्या, लांगरी तिसऱ्या. लांगरी म्हणजे स्वयंपाकी. फाटकावर पत्र्याची पाटी लावलेली. तिच्यावर हात ठेवला की ओला रंग बोटाला लागायचा.

तोफेवर माणसाला नाव नसतं, नंबर असतो. एक नंबर हुकूम देतो. दोन नंबर आणि तीन नंबर तोफेच्या दोन अंगांना लोखंडी सीटवर बसून चाकं फिरवतात, एक तोफेला डावी-उजवी नेतो, दुसरा वर-खाली. चार नंबर मागं उभा राहून गोळे भरतो. पाच नंबर आणि पुढचे त्याच्या हातात गोळे देतात. धनगराचा पोरगा झाला दोन नंबर, मी चार.

चार नंबराला पहिल्या दिवशी एकच गोष्ट शिकवतात. वर बघायचं नाही. विमान कुठून आलं, कुणाचं आहे, पडलं का निसटलं, ते बघणारे दुसरे. तुझ्या हाताखालची जागा रिकामी झाली की तोफ मुकी. मी एकदा वर बघितलं तर उस्तादानं अशी कानफटात दिली की पुन्हा मान वर झाली नाही. म्हणून सांगतो, आभाळाची राखण करायला गेलेल्या माणसानं आभाळ बघितलंच नाही.

दुसरी एक ड्रिल होती. तोफ चालू असताना उस्ताद मागून चोरपावलांनी यायचा आणि कुणाच्याही खांद्यावर टिचकी मारायचा. "दो नंबर, मर गया." मेलेल्यानं तिथंच खाली आडवं व्हायचं. पाच नंबरानं पळत येऊन त्याच्या सीटवर बसायचं, मागच्यांनी एक-एक जागा पुढं सरकायचं. तोफ थांबता कामा नये. थांबली तर सगळ्यांना मैदानाला चकरा. मेलेल्याला मात्र आराम. तो खाली पडून आमच्याकडं बघून दात काढायचा. ड्रिल संपली की मेलेले सगळे उठून चहाच्या लायनीत पुढं उभे. दोन नंबर तर उस्तादाला हळूच म्हणायचा, "उस्ताद, आज मुझे मारो ना, कंबर लई दुखायली."

लढाई लागली तेव्हा आम्हाला एका मोठ्या नदीवरच्या रेल्वे पुलापाशी नेलं. वाळूची पोती रचली, तोफ बसवली. बरेच दिवस काहीच आलं नाही. मग एका दुपारी भोंगा झाला. विमानं नदीच्या पात्रातून खालून आली असं दोन नंबर नंतर म्हणाला. मी कुठं बघितलं. मी भरत होतो. तोफ वाजत होती, तिच्या आवाजानं दात हलत होते. मध्येच पाण्याकडून मोठा दणका झाला, आणि माझ्या डाव्या अंगाला तीन नंबर सीटवरून सरकून खाली पडला. पाच नंबर पळत आला, त्याच्या सीटवर बसला, मागचा माणूस पुढं सरकला. तोफ थांबली नाही. अगदी मैदानावर व्हायचं तसंच झालं सगळं.

मला वाटलं उस्तादानं टिचकी मारली.

खरं सांगतो, तेच वाटलं. तोफ शांत झाली, एक नंबरानं "रुको" म्हणलं, तेव्हा मी तीन नंबराला म्हणालो, "ऊठ बे, झालं." तो पालथा पडलेला. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला तर हात ओला झाला. मी हाताकडं बघत उभा राहिलो. फाटकावरची पाटी आठवली, तिचा ओला रंग. दुसरं काहीच डोक्यात आलं नाही. दोन नंबरानं मला दंडाला धरून तिथून बाजूला नेलं.

विमान आम्ही पाडलं नाही. पूल मात्र राहिला.

लढाई संपली आणि थोड्याच दिवसांत एका सकाळी आम्हाला लायनीत उभं केलं. साहेबानं वाचून दाखवलं की हे युनिट आजपासून मोडलं. कुणी ह्या युनिटात, कुणी त्या. आम्हाला वाटलं काही तरी चुकलंय. पूल राखला, एक माणूस दिला, आणि युनिट मोडलं? एकानं विचारलं, "साब, हमने क्या किया?" साहेब म्हणाला, काही केलं नाही, गरज संपली. दुपारी तोफा ट्रकला जोडून नेल्या. संध्याकाळी एका माणसानं पान्हा आणून फाटकावरची पाटी उतरवली. मी ती उतरताना बघितली. ज्या युनिटात तीन नंबर मेला ते युनिटच नाही, मग तो मेला कुठं, हे मला त्या वयात समजलं नाही. आता म्हातारा झालो तरी समजलेलं नाही.

पुढं मी दुसऱ्या युनिटात नोकरी काढली, पेन्शनीवर गावी आलो, साखर कारखान्यावर वॉचमनकी केली. लोक विचारायचे, लढाईत कुठल्या पलटणीत होता? नाव सांगितलं तर म्हणायचे, असं कुठं युनिट असतंय? मग मी सांगायचं बंद केलं.

फक्त तिला सांगितलं. लग्न आमचं त्रिशरण-पंचशील म्हणून झालेलं, बुद्धाच्या फोटोपुढं, पण नवऱ्याचं नाव घ्यायला तिची जीभ काही उचलत नव्हती. मी म्हणालो, तोफेवर मला चार नंबर म्हणायचे. तिला ते लई आवडलं. त्या दिवसापासून मी चार नंबर. विहिरीवर बायकांत म्हणायची, "आमचे चार नंबर लई तिखट खातेत." बाया तोंडाला पदर लावून हसायच्या. त्यांना वाटायचं ह्याच्या आधी हिचे तीन नवरे झालेत.

ड्रिल पण तिला सांगितली. पोरगा लहान असताना तिला एकदा ताप आला. मी कामावरून आलो तर ती वाकळेवर आडवी. स्वतःच्या खांद्यावर टिचकी मारून म्हणाली, "मर गया. आता तुमी सरका पुढं." हिंदी तिला येत नव्हती, तेवढेच दोन शब्द. मी त्या दिवशी पिठलं केलं, ते फेकावं लागलं. तेव्हापासून आमच्या घरात चालच पडली. ज्याला कामाचा कंटाळा आला त्यानं खांद्याला टिचकी मारायची आणि आडवं व्हायचं. दुसऱ्यानं मुकाट्यानं ते काम करायचं. मी पण लई वेळा मेलो. दळण आणायचं असलं की मी मेलोच.

गेल्या उन्हाळ्यात टीव्हीवर दाखवत होते, सरहद्दीवर ड्रोन आले आणि आपल्या तोफांनी पाडले. ती पडद्याला नाक लावून बसली. "ही तुमचीच का?"

"न्हाई. ही तिच्या धाकट्या बहिणीसारखी हाय."

"चार नंबर कुठंय?"

"त्यो मागं असतोय. टीव्हीवाले त्याला दाखवत न्हाईत."

"मंग काय बघायचं," म्हणाली आणि उठून गेली.

पावसाळ्यात तिला दम लागायला लागला. पोरगा पुण्याला कंपनीत आहे. तो आला आणि तिला अंबाजोगाईला दवाखान्यात घेऊन गेला. मी घरी राहिलो, शेळी होती. संध्याकाळी दोघं आले. मी विचारलं, "काय म्हणले?" ती म्हणाली, "गॅस झालाय." पोरगा तांब्या घेऊन बाहेर गेला.

आणि मग ती रोज मरायला लागली.

सकाळी उठलं की खांद्यावर टिचकी. "मर गया. भाकर थापा." मी म्हणायचो, "आता म्हातारपणी काय थट्टा लावलीय." ती भिंतीला टेकून बसायची आणि मागून हुकूम सोडायची. "पाणी कडक घ्या. असं बोटानं न्हाई, तळहातानं. परातीला दणका बसू द्या की." भाकरी फाटली तर म्हणायची, "चकरा मारा आता मैदानाला." मी शिव्या घालायचो. मला वाटायचं म्हातारी आळशी झाली, बसून खायची सवय लागली. भाकरीनंतर कालवण. मग डाळ कुठल्या डब्यात, बियाणं कुठल्या मडक्यात, माझ्या बीपीची गोळी सकाळची कोणती आणि रात्रीची कोणती. आजवर ती हातात द्यायची, मी गिळायचो.

शेळीचं सगळ्यात अवघड. आमची शेळी तिच्याशिवाय कुणाला कासेला हात लावू द्यायची नाही. मला दोनदा लाथ बसली. मग तिनं तिचं जुनं लुगडं माझ्या डोक्यावरून घातलं. "तिला माझा वास पायजे. बसा खाली." मी पदर घेऊन शेळीखाली बसलेलो, आणि ती दारात बसून दम लागेपर्यंत हसायची. आधी ती शेळीच्या तोंडापाशी बसायची. मग दारात. मग घरातूनच आवाज द्यायची. मला काही कळलं नाही. मी कासेकडं बघत होतो.

ती गेली. जलदान विधी झाला, भंतेजी येऊन गेले, पाहुणे पांगले. पोरगा म्हणाला, "आबा, आता इथं एकटं राहायचं न्हाई. शेळी विकू, घराला कुलूप लावू. मी येत्या आठवड्यात गाडी घेऊन येतो." मी हो म्हणालो. मला काय, इथं काय आणि तिथं काय. तिच्याविना ते घर म्हणजे पाटी उतरवलेलं फाटक. गरज संपली, मोडलं. मी एकदा बघितलेलं होतं ते.

दोन दिवसांनी धनगराचा पोरगा आला. पोरगा म्हणजे आता माझ्यासारखाच हाडाचा सापळा. त्याला खबर उशिरा कळली. कड्याहून बीड, बीडहून केज, तिथून जीपनं, असा एसटी बदलत बदलत आला. दारात आला तेव्हा मी लुगडं डोक्यावर घेऊन धार काढत होतो.

त्यानं काठी भिंतीला लावली आणि म्हणाला, "ही कोण नवी नवरी आणलीस बे?"

आम्ही दोघं हसलो. मग दोघंही तिथंच रडलो, शेळीच्या दोन अंगांना बसून. शेळीनं लाथ मारली नाही.

मी त्याला भाकरी करून वाढली. त्यानं भाकरी उलटून बघितली, पापुद्रा बोटानं उचलला. "कोणी केली?"

"मी."

"तुला कवापासून यायली?"

"दिवाळीच्या आधीपासून. ती शिकवायची. मर गया म्हणायची आन बसायची भिंतीला."

"आन शेळी?"

"तवाच."

तो खाता खाता थांबला. धनगर माणूस, जनावराचं त्याला समजतं. म्हणाला, "दुभती शेळी दुसऱ्या हाताला अशी मानत न्हाई. वासाला लावायचं, मंग हळूहळू आपण मागं सरायचं. त्याला लई दिवस लागतेत. खामखा कोण करत न्हाई एवढं."

मी म्हणालो, "तिला थट्टेची सवयच होती. ते आमच्या घरातलं पहिल्यापासूनच..."

"बे," तो म्हणाला, "ती ड्रिल कवा करतेत?"

मी पाण्याचा तांब्या त्याच्याकडं सरकवला.

"सांग की. उस्ताद कवा करायचा?"

"लढाईच्या आधी."

त्यानं भाकरी ताटात ठेवली. "तुला तवाबी दिसलं न्हाई. तीन नंबर तुझ्या अंगाला घासून पडला, आन तू म्हणालास ऊठ."

मला कानफटात बसल्यासारखं झालं. डोळ्यापुढून एक-एक गोष्ट जायला लागली, डबे, गोळ्या, बियाणं, शेळीच्या तोंडापासून दारापर्यंत सरकलेली ती. मी उठलो, हात पण धुतला नाही, पोराला फोन लावला.

"दवाखान्यात काय म्हणले होते?"

मागं कंपनीतल्या मशिनीचा आवाज येत होता.

"मी काय विचारायलो?"

"आबा, हृदय मोठं झालंय म्हणले. कवाबी बंद पडंल. ऑपरेशनला आईच न्हाई म्हणाली. मी लई भांडलो तिच्याशी."

"मला कावून न्हाई सांगितलं?"

"तिनं शपथ घातलती." मग म्हणाला, "ती म्हणाली, त्यांना वर बघायला लावू नको. हात थांबंल त्यांचा. मला काय ते कळलं न्हाई, आबा. त्याचा अर्थ काय?"

मी फोन ठेवला.

मला राग आला. लोक म्हणतील आता बायकोवर काय रागावायचं, पण आला. तिला माहीत होतं, पोराला माहीत होतं, शेळीला पण माहीत असेल. मलाच तेवढं नाही. एवढ्या वर्षांचा संसार, आणि मला भरायला लावून आपण मागच्या मागं मरून गेली. मी भिंतीपाशी गेलो. तिच्या डोक्याच्या तेलाचा डाग आहे तिथं. मी त्या डागाला शिव्या दिल्या. दोन नंबर दारात बसून तंबाखू मळत होता, त्यानं ऐकून न ऐकल्यासारखं केलं.

दुसऱ्या दिवशी तो निघाला. जाताना म्हणाला, "पोरगा नेणार हाय म्हणं तुला."

"व्हय."

"मंग कशाला शिकवलं तिनं?"

एवढंच बोलला आणि काठी उचलून जीपकडं गेला.

पोरगा गाडी घेऊन आला त्या दिवशी माझे हात कोपरापर्यंत मातीत होते. त्यानं आत डोकावून बघितलं. जुनी चूल फोडून बाहेर टाकलेली. नवी मी समोरच्या बाजूला घालत होतो, माती, शेण आणि भुसा कालवून. असलं काम मी कधी केलं नव्हतं. हे तिनं शिकवलं नव्हतं. एक बाजू कललेली होती.

"आबा, हे काय करायलात? सामान बांधलं न्हाई?"

"चूल ओली हाय. वाळंस्तोवर कसा येऊ?"

"आन वाळल्यावर?"

"वाळल्यावर भाकरी करायच्या."

तो घरभर फिरला. डबे उघडून बघितले. माझ्या गोळ्यांचा डबा हलवून बघितला. परड्यात शेळीपाशी जाऊन आला. मग म्हणाला, "एकट्याला काय झालं म्हंजे?"

"फोन हाय. शेजारी हायेत. आन झालं तर झालं."

"चूल कावून फिरवली पण? चांगली होती की तिथं."

मी मातीचा हात चुलीच्या काठावरून फिरवत राहिलो. जुन्या चुलीपुढं बसलं की पाठ भिंतीकडं यायची. नव्या चुलीपुढं बसलं की तोंड भिंतीकडं येतं. हे त्याला कसं सांगायचं. म्हणालो, "असंच. उजेड येतोय इकडून."

तो दमला होता, पुण्याहून गाडी चालवत आलेला. जागा बघितली नाही काही नाही, खाली बसला आणि भिंतीला टेकला, नेमकं तिथंच, तेलाच्या डागावर डोकं ठेवून. डोळे मिटले. मी हातातली माती ठेवली आणि त्याच्या तोंडाकडं बघत राहिलो, त्याचा श्वास वर-खाली होताना स्पष्ट दिसत होता.

"काय बघायलात, आबा?" डोळे न उघडताच तो म्हणाला.

"काही न्हाई," मी म्हणालो. "बस तिथंच."